पडद्यावर एकच नाव

स्टेट कॉलेज, पेनसिल्व्हेनिया
१४ सप्टेंबर २०२५

काका, जय भीम. काकूला दोन जास्तीचे.

फोनवर तुम्ही इतके भडकलात की मला धड काही सांगताच आलं नाही. वर म्हणालात, "फोनवर एक अक्षर बोलू नकोस, कागदावर लिही आणि पोस्टात टाक." म्हणून लिहितेय. दहावीच्या निबंधानंतर एवढं मराठी हाताने लिहिलेलं नाही, तेव्हा अक्षराला नावं ठेवू नका. स्टॅम्प कुठे मिळतात हेसुद्धा रूममेटला, हर्षिताला, विचारावं लागलं. तिला वाटतंय मी लव्ह लेटर पाठवतेय.

पहिली गोष्ट, प्रोड्यूसर म्हणजे तुम्हाला वाटतंय तसं काही नाही. तुमच्या डोळ्यांसमोर पांढरे बूट घातलेला, सिगार ओढणारा माणूस आला असणार. माझ्याकडे एक राइस कुकर आहे आणि बसचा पास.

आमच्या वरच्या मजल्यावर मारिसेल राहते. मनिलाची आहे, फिल्मच्या डिपार्टमेंटला. ती इथल्या म्हाताऱ्या माणसांना सांभाळणाऱ्या फिलिपिनो बायकांवर फिल्म करतेय, तिकडच्या एका फेस्टिव्हलसाठी. तीन बायका आहेत. दोघींचे कागद पक्के आहेत, तिसरी नेनिता. शेजारच्या गावात ब्याण्णव वर्षांच्या एका आजींच्या घरीच राहते, त्यांना उठवते, भरवते, अंघोळ घालते. तिचा व्हिसा नऊ वर्षांपूर्वी संपलाय. फिल्ममध्ये तिचा चेहरा येणार नाही, फक्त हात आणि आवाज.

मी यात कशी शिरले ते सांगते. मारिसेलची एक तिता आहे, लिओनोर. 'तिता' म्हणजे त्यांच्यात मावशी, आत्या, काकू सगळंच. वय एकोणऐंशी, इथे मुलीकडे राहते. मनिलात तिने प्रोड्यूसर म्हणून अकरा पिक्चर काढले. तीनच उरलेत, बाकीच्यांची रिळं दमट हवेने खाल्ली. एकदा मी वर सगळ्यांसाठी खिचडी नेली. सातला आणते म्हटलं होतं, सातला नेली. तिताने घड्याळ बघितलं आणि मारिसेलला म्हणाली, "ही तुझी प्रोड्यूसर."

मी म्हटलं, मी इंडस्ट्रियल इंजिनिअरिंगची, मला सिनेमातलं काय कळतं? ती म्हणाली, सिनेमातलं डायरेक्टरला कळू दे. मग तिने सांगितलं. मार्शल लॉच्या काळात तिच्या एका पिक्चरच्या पाट्यांवर एकच नाव होतं, तिचं. लेखक नाही, कॅमेरामन नाही, नटसुद्धा नाहीत. तिच्या नावाखाली फक्त 'आणि मित्र' एवढं. पोलीस आले ते एकाच घरी आले. तीन महिने तिला रोज ठाण्यात बसवून ठेवत, मित्र कोण ते विचारत. ती रोज सांगायची, वय झालं, आठवत नाही. तेव्हा ती तिशीत होती. तिच्या मते आपल्या सिनेमात प्रोड्यूसरचं काम तेवढंच, सगळ्यांना जेवायला घालायचं आणि सगळ्यांच्या वतीने सापडायचं.

तर या फिल्मवरही एकच नाव येणार, माझं. बायकांच्या संमतीच्या कागदांवर सही माझी आहे. आणि ती एक्सेल शीट, जी बघून तुम्ही भडकलात, ती तुम्ही शिकवलंत तशीच बनवली होती म्हणून कौतुकाने पाठवली हो. कोण कुठे राहतं, सुट्टी कधी, कुठली बस, किती वाजता. सगळं रंग लावून. तुम्ही फक्त वरची ओळ वाचलीत, 'प्रोड्यूसर: उपासना रामटेके'.

खरं सांगू का काका, मलाही भीती वाटते. मागच्या आठवड्यात आमच्या लॅबमधल्या एका मुलाचा व्हिसा रद्द झाला. का, ते त्यालाही माहीत नाही. तेव्हापासून मी मेल उघडायच्या आधी पाणी पिते.

तुमची,
उपासना


चँडलर, ॲरिझोना
२१ सप्टेंबर २०२५

उपासना,

पत्र मिळालं. मी वाचलं, काकूने वाचलं, मग फाडलं. तूही फाडत जा.

खिचडी वेळेवर दिली म्हणून माणूस प्रोड्यूसर होत असेल तर तुझी काकू एव्हाना हॉलिवूडमध्ये असायला हवी होती. तू तिथे पीएचडी करायला गेली आहेस. सगळ्यांच्या वतीने सापडायला गेलेली नाहीस.

त्या बाईंबद्दल मला आदर आहे. पण त्या ठाण्यात बसल्या त्या स्वतःच्या देशात. तुला इथे कोणी तीन महिने बसवून ठेवणार नाही, थेट विमानात बसवतील. चार वर्षांचं काम लॅबमध्ये राहील आणि तू नागपूरला इंदोऱ्यात आईसमोर सुटकेस घेऊन उभी राहशील. तुझे बाबा गेले तेव्हा मी वहिनींना सांगितलं होतं, पोरीची काळजी माझ्यावर. ते मी सहज म्हणालो नव्हतो.

तू मला भित्रा म्हणत असशील. म्हण. मी सतरा वर्षं ग्रीन कार्डच्या रांगेत आहे. याही जानेवारीत व्हिसाचं रिन्यूअल आहे आणि यंदा नेमकी भीती जास्त आहे. ऑफिसमध्ये मी 'सुभाष आर.' आहे. पहिल्याच आठवड्यात लंचला आपल्याच एका मराठी माणसाने विचारलं, आर म्हणजे काय हो? मी म्हणालो, राम. खोटं नव्हतं, निम्मं होतं. बाबासाहेबांचा फोटो बेडरूममध्ये आहे, कपाटाच्या दाराच्या आतल्या बाजूला. प्रफुल्ल लहान असताना विचारायचा, "व्हाय इज ही इन द क्लॉझेट?" काकू त्याला दूध प्यायला पाठवायची. इतकी वर्षं मला कोणी काही विचारलं नाही, कारण विचारण्यासारखं मी वर ठेवलंच नाही. आणि तू ठळक अक्षरात आख्खं आडनाव लिहितेस.

नाव काढ. त्या मारिसेलला सांग, परीक्षा आहे, काका आजारी आहे, काय वाट्टेल ते सांग. मी इथे एका जाणकार माणसाला तुझं नाव न घेता सहज विचारून ठेवलं आहे, असल्या कामाचा स्टुडंट व्हिसावर काय परिणाम होतो म्हणून. ते कळेल तेव्हा कळेल. तू थांबू नकोस.

काकूने लसणाची चटणी पार्सल केली आहे.

काका


स्टेट कॉलेज
५ ऑक्टोबर २०२५

काका, जय भीम.

चटणी मिळाली. हर्षिताने अर्धी संपवली, काकूला सांगा.

शूटिंग संपलं. शेवटचे दोन दिवस बाहेरचे होते आणि आकाश भरून आलं होतं. तिता म्हणाली, सेंट क्लेअरला अंडी वाहायची, म्हणजे पाऊस येत नाही. मनिलात प्रत्येक शूटिंगच्या आधी वाहतात आणि ते प्रोड्यूसरचंच काम. मी म्हटलं, तिता, मी बावीस प्रतिज्ञा घेतल्यात, मला देवाला काही वाहता येणार नाही. तिने विचारलं, त्या काय? सांगितल्या. ती म्हणाली, "बरं, अंडी तू आण, वाहीन मी." पाऊस आला नाही. त्यावर मी मत देत नाही.

पण हे पत्र त्यासाठी नाही. परवा मी वर जेवण घेऊन गेले आणि लॅपटॉप त्यांच्या टेबलावर उघडा राहिला. तिताने ती शीट बघितली. एकेक ओळ बोट ठेवून वाचली. मग म्हणाली, "छान आहे." आणि माझं मनगट धरलं. म्हणाली, "यात नेनिताचं घर आहे. गुरुवारी तिची सुट्टी असते ते आहे. तीन दहाला ती कोणत्या स्टॉपवर उभी असते ते आहे. पोरी, शोधणाऱ्याचं काम तूच करून ठेवलंस. प्रोड्यूसर पत्ते पोटात ठेवतो."

काका, माझ्या हे डोक्यातच आलं नाही. आपल्याकडे काम नीट करायचं म्हणजे लिहून ठेवायचं, टेबल करायचं, हेच शिकले ना मी. माझी सगळी हुशारी त्या बाईच्या जिवावर उठली.

माझी कॉपी मी डिलीट केली. मारिसेलने मेल उघडलंच नव्हतं, तिला एक्सेलचा कंटाळा आहे, तेही उडवलं. आता एकच कॉपी उरली, तुमच्याकडची. पत्र वाचताच काढून टाका. आणि तुम्ही ती कोणाला दाखवली नाहीत ना? तुम्ही लिहिलंय की जाणकाराला नाव न घेता विचारलं, म्हणजे तोंडीच विचारलं असणार. तरी एकदा लिहा.

नाव काढायचं मी रोज सकाळी ठरवते. पण माझं काढलं तर दुसऱ्या कोणाचं तरी घालावं लागेल. मारिसेलचं की तिताचं, ते तुम्हीच सांगा.

उपासना


चँडलर
१३ ऑक्टोबर २०२५

उपासना,

शीट डिलीट केली. ट्रॅशमधूनही काढली. आता चिंता नको.

इथे ऑक्टोबर अर्धा झाला तरी दुपारी बाहेर पाय ठेववत नाही. मागच्या अंगणातल्या लिंबाला यंदा खूप फळं धरली आहेत. मात्र खालच्या बाजूची पानं पिवळी पडत आहेत. कोणी म्हणतं पाणी जास्त होतंय, कोणी म्हणतं लोह कमी आहे. मी मातीचा नमुना तपासायला दिला आहे. तोपर्यंत एक दिवसाआड पाणी घालतो. मुळापासून जरा लांब आळं केलं की बरं असं दुकानातला माणूस म्हणाला, तसं करून बघणार आहे.

अभ्यास कर. काकूची तब्येत ठीक आहे.

काका


स्टेट कॉलेज
२८ ऑक्टोबर २०२५

काका,

मी तुम्हाला एक प्रश्न विचारला होता आणि तुम्ही मला लिंबाच्या झाडाबद्दल लिहिलंत. तुम्ही असं कधी लिहीत नाही. तुमच्या पत्रात कायम तीन सूचना आणि एक दरडावणी असते.

आता झालं ते सांगते. मागच्या गुरुवारी आजींना सकाळपासून उलट्या होत होत्या, म्हणून नेनिताने सुट्टी घेतली नाही. दुपारी ती वरच्या खिडकीत पडदा धुवायला काढत होती. तिथून बस स्टॉप दिसतो. तीन वाजता एक राखाडी गाडी येऊन थांबली. दोन पुरुष उतरले आणि स्टॉपवर उभे राहिले. तीन दहाची बस आली, थांबली, गेली. ते चढले नाहीत. बसमधून कोण उतरलं, कोण चढलं तेवढं बघितलं. मग एकाने मोबाइलमध्ये बघून घराकडे मान वळवली. नेनिता पडद्यासकट खाली बसली. जमिनीवर, आजींच्या पलंगाशेजारी. वीस मिनिटांनी गाडी गेली.

कोण होते माहीत नाही. गणवेश नव्हता. घर विकणारे असतील, कोणाला घ्यायला आलेले असतील, मी स्वतःला शंभर कारणं सांगितली. पण काका, गुरुवार, तीन दहा, तोच स्टॉप.

तेव्हापासून नेनिता घराबाहेर पडलेली नाही. किराणा मारिसेल नेऊन देते. मी बसमध्ये चढताना आधी मागे बघते. काल लॅबच्या दारावर कोणीतरी टकटक केलं तर माझ्या हातातला कप फुटला. प्रिंटर दुरुस्त करायला आलेला माणूस होता.

शीट तिघांकडेच होती, मी, मारिसेल आणि तुम्ही. मी रागावणार नाही. फक्त खरं लिहा. कोणाकडे गेली?

उपासना


चँडलर
२ नोव्हेंबर २०२५

उपासना,

गेली. माझ्याच हातून गेली.

आमच्या शेजारी राजाराम राहतात, पुण्याचे. इकडच्या सगळ्या मराठी लोकांना व्हिसाचं काहीही अडलं की राजाराम. तुझी शीट बघून मी घाबरलो, तुला फोनवर ओरडलो आणि त्याच दिवशी ती शीट राजारामला व्हॉट्सॲप केली. खाली लिहिलं, 'एका ओळखीच्या मुलीचं आहे, काही धोका?' म्हणजे तुझं नाव मी घेतलं नाही. शीटवर ते होतंच. तुला 'नाव न घेता' असं लिहिताना मला हे कळत होतं आणि तरी लिहिलं.

राजारामलाही नक्की माहीत नव्हतं. त्याने ती 'व्हिसा मदत' ग्रुपवर टाकली, 'कोणाला अशा केसचा अनुभव?' म्हणून. दोनशे चौदा माणसं आहेत त्या ग्रुपवर. सात जणांनी हात जोडलेले पाठवले, एकाने वकिलाचा नंबर दिला. तुझं पाच तारखेचं पत्र आलं तेव्हा मी त्याच्याकडे धावलो. तोपर्यंत चार आठवडे होत आले होते. पुसता येईना. ग्रुपवरच्या कोणी पुढे कुठे पाठवली, विचारायची सोय नाही. मला वाटतं कोणी मुद्दाम काही केलं नसेल. पण मी शपथेवर सांगू शकत नाही.

राजाराम वाईट माणूस नाही गं. त्याचा चेहरा पांढरा पडला होता. आणि मग जाताना त्याने विचारलं, "सुभाषराव, तुम्ही रामटेके का? शीटवर वाचलं." अकरा वर्षं कुंपणाला कुंपण लावून राहतो. मी हो म्हणालो. त्याची बायको, मालिनीवहिनी, आतून म्हणाल्या, चहा टाकलाय, घेऊन जा. झालं. ज्याची मी सतरा वर्षं धास्ती घेतली ते एका कपात आटोपलं. आणि जिची मला कल्पनाही नव्हती ती बाई माझ्यामुळे जमिनीवर बसली.

तुला लिंबाचं झाड लिहिलं कारण दुसरं काही लिहायला हात धजेना. त्या दिवसापासून मी ऑफिसमध्येही नुसता बसून असतो.

एक विनवणी आहे. तिला सांगू नकोस. सांगून आता काय होणार? ती चिडेल, तुझं नाव पुढे येईल, तू अडकशील. मला शिक्षा म्हणून तू अडकू नकोस.

काका


स्टेट कॉलेज
१२ नोव्हेंबर २०२५

काका,

मी तिला सांगितलं.

तुमचं पत्र दोन दिवस बॅगेत ठेवून फिरले. मग तिताला इंग्रजी करून सांगितलं. ती म्हणाली, तुझ्या काकाने चूक केली, ठीक. पण आता जाऊन सांगायचं कोणी? डायरेक्टर नाही जात, नट नाही जात. पाट्यांवर नाव घालायला सगळेच तयार असतात, हे काम करायला जो जातो तो प्रोड्यूसर. मला तिचा राग आला. मला घरी जायचं होतं, नागपूरला, आईकडे. तरी गेले.

नेनिता आजींच्या चादरींच्या घड्या घालत होती. मला ती 'मॅम' म्हणते, मी तिच्या मुलीच्या वयाची असून. मी सगळं सांगितलं. शीट, तुम्ही, राजारामकाका, ग्रुप. तिने एक चादर पूर्ण घडी करून ठेवली आणि विचारलं, "किती जणांनी बघितलं, मॅम?" मी म्हटलं, दोनशे चौदा. ती म्हणाली, "माझा पहिलाच पिक्चर, आणि एवढं पब्लिक." आणि हसली. मग बाथरूममध्ये गेली आणि नळ सोडला. नळाच्या आवाजातही ओकारीचा आवाज येत होता.

बाहेर आल्यावर ती रागावली नाही. ती रागावली असती तर मला सोपं गेलं असतं. तिने एवढंच विचारलं की आता मी कुठे जाऊ.

लगेच निघ असं मी सांगितलं तर म्हणाली, आजींना कोण उठवेल? त्यांचा मुलगा थँक्सगिव्हिंगनंतर त्यांना आपल्याकडे नेणार आहे. तोपर्यंत ती हलणार नाही. म्हणजे अजून अडीच आठवडे. पडदे लावून, दिवे न लावता, आजींचा टीव्हीसुद्धा हळू ठेवून. आजींना वाटतं नेनिताचं डोकं दुखतंय. त्या तिला सारखी गोळी घे म्हणतात.

गुरुवारी परत गाडी आली नाही. पण आली नाही याचीही भीती वाटते.

उपासना


चँडलर
२१ नोव्हेंबर २०२५

उपासना,

हे पत्र वाच, तिताला यातलं एकच वाक्य तोंडी सांग, आणि पत्र जाळ. फाडू नकोस, जाळ.

वाक्य असं. प्रफुल्लची खोली रिकामी आहे.

तो टूसॉनला होस्टेलवर असतो, उन्हाळ्यापर्यंत येत नाही. कसं यायचं, कोणी आणायचं, हे मला सांगू नका. तुझ्या तिताला ते कळत असणार.

हे माझं शौर्य नाही. तुझं पत्र मी काकूला वाचून दाखवलं. ती भाजी चिरत होती. नळ सोडल्याचं ऐकलं तेव्हा सुरी खाली ठेवली आणि म्हणाली, "झालं वाचून? मग मी खोली झाडून घेते." मी म्हटलं, शीला, जानेवारीत आपलं रिन्यूअल आहे. असं घरात ठेवणं गुन्हा आहे. सतरा वर्षं पाण्यात जातील. ती म्हणाली, "मला माहीत आहे. मलाही भीती वाटते. पण तिचा पत्ता घालवला कोणी? मग आपला द्यायला नको?" मी दोन दिवस तिच्याशी बोललो नाही. तिसऱ्या दिवशी मीच गादीला नवी खोळ आणली.

अजूनही मला वाटतं की तिने नाही म्हणावं. हेही खरंच लिहितो, तुझ्याशी खोटं बोलून झालंय एकदा.

फिल्मवरच्या नावाचं मी सांगितलं होतं ते विसर. राहू दे तुझं. निम्मं लिहू नकोस.

काका


स्टेट कॉलेज
७ डिसेंबर २०२५

काका, जय भीम.

फिल्म मनिलाला गेली. मारिसेलने शेवटची पाटी मला दाखवली. प्रोड्यूसर, उपासना रामटेके, आणि खाली 'आणि मित्र'. बघताना अभिमान वाटेल असं वाटलं होतं. मला फक्त दरवाजाकडे बघावंसं वाटलं. माझ्या व्हिसाचं काही होईल की नाही, कोणी सांगू शकत नाही. मेल रोज उघडते, पाणी पिऊन.

आजींना एक तारखेला मुलाने नेलं. त्या गाडीत बसेपर्यंत नेनिताने त्यांचा हात सोडला नाही, असं मारिसेल म्हणाली. दुपारी मी गेले तर घराला कुलूप होतं. नेनिता कुठे गेली मला माहीत नाही.

तुमचं वाक्य आणि तुमचा पत्ता मी तिताला तोंडी सांगितला होता. तिने ऐकलं, मान हलवली आणि भात आहे का विचारलं. त्यानंतर मी चारदा विचारलं. ती म्हणते, तुला जे माहीत नाही ते तुझ्याकडून कोणी काढून घेऊ शकत नाही. बरोबर आहे तिचं. पण वाटेत कुठे काय झालं असेल, बस थांबवली असेल, कोणी कागद मागितले असतील, हेच दिवसभर डोक्यात असतं. बर्फ पडतोय इथे आणि तिच्याकडे धड कोटही नव्हता.

मी तुम्हाला काही विचारत नाही. तुम्ही आणि काकू बरे आहात एवढं लिहा.

उपासना


चँडलर
१४ डिसेंबर २०२५

उपासना,

आम्ही बरे आहोत. पाहुणी आली आहे. खोकला आहे तिला, पण जेवते. काकूला स्वयंपाकघरात पाय ठेवू देत नाही, आणि काकू तिला. दोघींची त्यावरून भांडणं चालतात, एक मराठीत आणि एक इंग्रजीत.

मला फार भीती वाटते. कचऱ्याची गाडी आली तरी मी आधी पडद्याआडून बघतो. मालिनीवहिनींनी कुंपणावरून विचारलं, कोण आलंय? मी म्हणालो, शीलाची बहीण, लता. राजाराम शेजारी उभा होता. त्याने माझ्याकडे बघितलं, आणि वहिनींना म्हणाला, हो, मला सांगितलं होतं यांनी. मी त्याला काही सांगितलेलं नव्हतं.

आता नीट वाच. हे माझं शेवटचं पत्र. तूही लिहू नकोस. फोनवर फक्त अभ्यासाचं आणि तब्येतीचं बोलायचं, आणि तेही नेहमीसारखं, कमी नाही, जास्त नाही. पाहुणीबद्दल विचारायचं नाही, आडूनसुद्धा नाही.

ख्रिसमसच्या सुट्टीचं तिकीट काढलं असशील तर कॅन्सल कर. या वर्षी इकडे येऊ नकोस. तुझं नाव आता त्या पडद्यावर आहे. तुझ्या मागोमाग कोणी आलं तर ते या घरी यायला नको. उन्हाळ्यातही येऊ नकोस. कधी यायचं ते मी सांगेन, आणि ते कधी ते मला माहीत नाही.

काकूने तुझ्यासाठी तिळाचे लाडू करायला घेतले होते. मी हे लिहायला बसलो तेव्हा तिने ते डब्यात भरले आणि म्हणाली, पार्सल करू नका, त्यावर आपला पत्ता असतो.

काका